पाचशे रुपयांच्या फीमागचा हिशेब: गोव्यातील कमी फीच्या तीन इस्लामी शाळांचे प्रकरण

गोव्यातील एका विश्वस्त संस्थेने चालवलेल्या तीन शाळांचे हे प्रकरण आहे. संस्थेचे, गावांचे आणि माणसांचे नाव दिलेले नाही. ओळख पटू नये म्हणून आकडे गोळाबेरीज करून दिले आहेत, मात्र त्यांचे परस्परांशी असलेले प्रमाण मूळचेच ठेवले आहे. कमी फीची धार्मिक-लौकिक शाळा चालवणाऱ्या कुठल्याही समाजाच्या विश्वस्तांना यातले बरेचसे ओळखीचे वाटेल.

पार्श्वभूमी

२०११ च्या जनगणनेनुसार गोव्यात मुस्लिमांचे प्रमाण ८.३ टक्के आहे. ही वस्ती एकसंध नाही. पिढ्यान्‌पिढ्या इथेच राहिलेली, घरात कोकणी आणि शाळेत मराठी शिकलेली कुटुंबे आहेत, सिंधुदुर्ग-रत्नागिरीकडून आलेली कोकणी मुस्लिम कुटुंबे आहेत, आणि बंदर, बांधकाम व कारखान्यांच्या कामासाठी कर्नाटकातून आलेली, दखनी बोलणारी कुटुंबेही आहेत. कोकणी मुस्लिम बहुतेक शाफई पंथाचे, तर कर्नाटकातून आलेले बहुतेक हनफी. हा फरक पुढे हिशेबाच्या वहीत येऊन बसला, म्हणून आधीच नोंदवला आहे.

संस्थेच्या तीन शाळा सत्तरी, फोंडा आणि मुरगाव या तालुक्यांत होत्या. बालवाडी ते चौथी, माध्यम इंग्रजी, मराठी हा सक्तीचा विषय, आणि रोज ५० मिनिटे दीनियात, म्हणजे धार्मिक शिक्षण: नूरानी कायदा (अरबी अक्षरओळखीचे पुस्तक), त्यानंतर नाझिरा (कुराण पाहून वाचणे), दुआ (प्रार्थना) आणि अखलाक (सदाचार). शुक्रवारी साडेअकराला सुट्टी. एकूण मुले ४२०: सत्तरीत १३०, फोंड्यात १२०, मुरगावात १७०. कर्मचारी २६: १७ वर्गशिक्षिका, दीनियात शिकवणारे ५ आणि अर्धवेळ आया, शिपाई, कारकून मिळून ४.

फी सगळ्यांना सरसकट महिना ५०० रुपये. सत्तरीतले पालक ट्रकचालक, गवंडी, छोटे दुकानदार. २०१२ आणि पुन्हा २०१८ मध्ये खाणी थांबल्यावर ज्यांचे ट्रक दारात उभे राहिले, अशांची मुले या शाळेत बरीच होती. मुरगावात बंदरावरचे आणि वेर्ण्याच्या कारखान्यांतले कामगार जास्त. पालक शाळा निवडत ती इंग्रजीसाठी आणि दीनियातसाठी, दोन्ही एकाच छपराखाली मिळतात म्हणून. त्यासाठी ते बरेच काही सोडत होते. सरकारी मराठी प्राथमिक शाळेत पुस्तके मोफत असतात आणि मधल्या वेळेचा आहार मिळतो, अनुदानित शाळांना बालरथ, म्हणजे मुलांची बस, असतो. विनाअनुदानित शाळेत यातले काहीच नाही. डबा, रिक्षा, पुस्तके धरली की ५०० रुपयांची शाळा पालकाला त्याच्या दुपटीच्या वर पडत होती.

अडचण कशी उघडी पडली

रमजानमध्ये संस्था जकात, म्हणजे ऐपतदार मुस्लिमांवर बंधनकारक असलेले दान, गोळा करी. निसाबाएवढी, म्हणजे ८७.४८ ग्रॅम सोने किंवा ६१२.३६ ग्रॅम चांदी याच्या किमतीची, शिल्लक वर्षभर ज्याच्याकडे आहे त्याने अडीच टक्के द्यायचे, हा सर्वांना माहीत असलेला नियम. त्या वर्षी एका जुन्या देणगीदाराने पावतीसोबत एकच गोष्ट लेखी मागितली: गेल्या वर्षीची आपली जकात नेमकी कुणाला पोचली?

कोषाध्यक्षांना उत्तर देता आले नाही. पैसे कुठे गेले हे ठाऊक होते. ते शिक्षिकांच्या पगारात आणि भाड्यात गेले होते. अडचण नेमकी हीच होती.

वर्षाचा हिशेब असा होता. पगार २७.४२ लाख (वर्गशिक्षिका सरासरी ९,५००, दीनियात ७,०००, इतर ८,०००). फोंडा आणि मुरगाव इथले भाडे २.६४ लाख, सत्तरीची इमारत जमातीची (स्थानिक मुस्लिम समाजाची) असल्याने तिथे भाडे नाही. वीज, पाणी, छपाई, दुरुस्ती २.१० लाख. लेखापरीक्षण व किरकोळ ०.८४ लाख. एकूण ३३ लाख. फीची आकारणी २५.२ लाख, पण वसुली ७४ टक्के, म्हणजे १८.६५ लाख. उरलेले १४.३५ लाख कुठून आले? जकातीतून ९.६ लाख, लिल्लाह आणि सदक्यातून, म्हणजे ऐच्छिक दानातून, ३.२ लाख. बाकीचे दीड लाख म्हणजे शिक्षिकांचे उशिरा दिलेले पगार.

जकातीचा पैसा कुणाला द्यायचा हे कुराणाच्या सूरह तौबातील ६० व्या आयतीने ठरवले आहे. गरीब, मिस्कीन, कर्जात बुडालेला, वाटसरू असे आठ हक्कदार त्यात आहेत. बहुसंख्य फुकहांच्या (इस्लामी कायद्याच्या जाणकारांच्या) मते तो पैसा हक्कदाराच्या मालकीचा व्हावा लागतो. यालाच तमलीक म्हणतात. शाळेची भिंत, वीजबिल किंवा शिक्षिकेचा पगार यांत तमलीक होत नाही. शिक्षिका गरीब असली तरी पगार हा तिच्या कामाचा मोबदला आहे, आणि मोबदला म्हणून जकात देता येत नाही.

याहून बोचरी गोष्ट आकड्यांत होती. एका मुलाचा खर्च वर्षाला ७,८५७ रुपये आणि फी ६,०००. म्हणजे प्रत्येक मुलामागे सुमारे १,८५७ रुपये बाहेरून येत होते, आणि तेही सरसकट. बाजारात दोन गाळे असलेल्या दुकानदाराचे मूलही जकातीच्या पैशावर शिकत होते, कारण फी सगळ्यांना सारखी होती. हक्कदाराचा पैसा हक्क नसलेल्याला मिळत होता, आणि खरोखर गरीब असलेल्या घराला ५०० रुपयेही जड जात होते. २६ टक्के थकबाकीत देऊ न शकणारे किती आणि देऊ शकत असून न देणारे किती, हे शाळेला सांगता येत नव्हते. एकच कमी फी ठेवली की हा भेद दिसेनासा होतो.

हिशेबात न धरलेला खर्च

कोषाध्यक्षांनी कामगार कायद्यांच्या सल्लागाराला बोलावले तेव्हा आणखी दोन गोष्टी निघाल्या.

पहिली भविष्यनिर्वाह निधीची. प्रत्येक शाळेत वीसपेक्षा कमी माणसे, त्यामुळे आपल्याला हा कायदा लागू नाही अशी विश्वस्तांची समजूत होती. प्रत्यक्षात त्या वेळच्या कायद्याच्या कलम २अ प्रमाणे वेगवेगळ्या पत्त्यांवरच्या शाखा मिळून एकच आस्थापना धरली जाई. तीन शाळांचे २६ कर्मचारी म्हणजे कायदा लागू. मालकाचा वाटा, विमा आणि प्रशासन खर्च मिळून पगाराच्या १३ टक्के: वर्षाला ३.५६ लाख.

दुसरी उपदानाची, म्हणजे ग्रॅच्युइटीची. २००९ च्या दुरुस्तीने शिक्षक त्या कायद्याखाली आले, आणि तेही ३ एप्रिल १९९७ पासून मागील तारखेने. पाच वर्षे पूर्ण केलेल्या शिक्षिकेला प्रत्येक वर्षामागे शेवटच्या पगाराचे १५/२६ द्यावे लागतात. दरवर्षी बाजूला काढायची रक्कम सुमारे १.३२ लाख. संस्थेने एक रुपयाही काढलेला नव्हता.

दोन्ही मिळवल्यावर खर्च ३७.८८ लाख, मुलामागे ९,०१९ रुपये. कमी फीची शाळा चालत होती ती तीन जणांच्या बळावर: जकातीचे हक्कदार, ज्यांचा पैसा दुसरीकडे गेला, शिक्षिका, ज्यांचा निधी भरला गेला नाही, आणि तेच पालक, जे ५०० रुपये वेळेवर देत राहिले. त्या वर्षी १७ पैकी ६ शिक्षिका वर्ष संपण्याआधी सोडून गेल्या. पहिलीच्या एका वर्गाने दहा महिन्यांत तीन शिक्षिका पाहिल्या. नूरानी कायदा उजवीकडून डावीकडे, इंग्रजी आणि मराठी डावीकडून उजवीकडे, अशा तीन लिप्या एकाच वर्षी हाताळणाऱ्या सहा वर्षांच्या मुलाला बाई बदलल्या की कुठल्या लिपीत कुठवर पोचलो हेच हरवते. हे नुकसान कुठल्याही हिशेबात दिसत नाही, म्हणून ते इथे ठळकपणे मांडावेसे वाटते.

समोरचे पर्याय

सरसकट फीवाढ हा सर्वांत सोपा पर्याय. ५०० ची ८०० केली असती तर कागदावर बरेच भागले असते. पण ५०० न देऊ शकणारे आधी गळाले असते, आणि शाळा काढली होती ती त्यांच्यासाठीच.

अनुदान मागण्याचा पर्याय दोन विश्वस्तांनी आग्रहाने मांडला. गोव्यात प्राथमिक शाळेचे अनुदान आणि माध्यम यांचे नाते १९९० च्या सुमारापासून राजकीय आहे. आधी धोरण कोकणी-मराठी माध्यमाच्या बाजूचे, मग २०११ मध्ये इंग्रजी माध्यमाच्या शाळांना अनुदान, आणि त्यावरून उभे राहिलेले मोठे भाषा-आंदोलन हे गोव्यातल्या प्रत्येकाला आठवते. अशा विषयात नव्या इंग्रजी शाळेला अनुदान मिळेलच असे धरून पगाराचे अंदाजपत्रक करणे शहाणपणाचे नव्हते. तो अर्ज करावा, पण त्याच्या भरवशावर राहू नये, असे ठरले.

परदेशातून देणग्या हा तिसरा. आखातात नोकरीला असलेले बरेच नातेवाईक होते. इथे गोव्याची खास गुंतागुंत आहे. भारतीय पासपोर्ट असलेल्या अनिवासी माणसाने स्वतःच्या बचतीतून बँकेमार्फत दिलेली रक्कम परदेशी देणगी ठरत नाही. पण पोर्तुगीज पासपोर्ट घेतलेला गोंयकार, मग तो इथे जन्मलेला आणि इथल्या मशिदीत वाढलेला असला तरी, कायद्याच्या दृष्टीने परदेशी स्रोत आहे. त्याची देणगी घ्यायची तर परदेशी योगदान नियमन कायद्याखाली नोंदणी आणि नवी दिल्लीतील स्टेट बँकेच्या मुख्य शाखेत स्वतंत्र खाते हवे. संस्थेकडे दोन्ही नव्हते. अशी एक दीड लाखाची देणगी खात्यात आली होती, ती परत पाठवावी लागली. देणगीच्या अर्जावर तोवर पासपोर्टचा रकानाच नव्हता.

चौथा पर्याय मौलानांनी मांडला, आणि सुरुवातीला तो कुणाला आवडला नाही: शाळा बंद करा, मकतब (फक्त धार्मिक शिक्षणाचा वर्ग) ठेवा. मुलांनी सकाळी जवळच्या सरकारी मराठी शाळेत जावे आणि दुपारी मकतबात यावे. दीनियातसाठी वेगळी पूर्ण शाळा लागतेच असे नाही, हे त्यांचे म्हणणे. ते चर्चेत पटकन बाजूला पडले, ही प्रक्रियेतली चूक होती. दोन महिन्यांनी फिरून तिथेच यावे लागले.

पाचवा पर्याय: फी खऱ्या खर्चाइतकी करायची आणि जे देऊ शकत नाहीत त्यांना जकातीतून मदत द्यायची. पैसा आधी कुटुंबाचा होईल, मग फी म्हणून शाळेकडे येईल.

पहिला निर्णय: तमलीक कागदावर की खरी

पाचव्या पर्यायाला सगळ्यांची मान्यता मिळाली, पण तो राबवायचा कसा यावर तीन बैठका गेल्या.

काही जणांनी हीला सुचवला. एखाद्या गरीब विद्यार्थ्याच्या हातात सगळी रक्कम ठेवायची आणि त्याने ती लगेच संस्थेला दान करायची. अनेक ठिकाणी असे चालते. मुफ्तींनी, म्हणजे धर्मनियमांवर निर्णय देणाऱ्या जाणकारांनी, स्पष्ट सांगितले की ज्या देण्यात घेणाऱ्याला नाही म्हणायची मोकळीक नाही ते देणे नव्हे. विश्वस्तांनी हीला नाकारला. आमच्या मते या प्रकरणातला हा सर्वांत महत्त्वाचा निर्णय होता, कारण जुनी सरसकट फी चालू ठेवायची पळवाट त्याने बंद केली.

दुसरी पद्धत, रक्कम थेट पालकाच्या खात्यात टाकायची. धर्माच्या दृष्टीने सर्वांत निखळ. पण पैसा त्याचा झाला की तो फीसाठीच वापरेल अशी सक्ती करता येत नाही. मुरगावात २० कुटुंबांवर एक सत्र करून पाहिले. तिघांनी पैसे आजारपणात आणि भाड्यात वापरले. तो त्यांचा हक्कच होता, पण शाळेचा पगार अडला.

शेवटी वकालतनामा ठरला. पालक मुख्याध्यापिकेला आपल्या वतीने रक्कम स्वीकारायला आणि फीत वळती करायला लेखी अधिकार देतो. मुदत सहा महिने. तो केव्हाही रद्द करता येतो, आणि रद्द केल्यास उरलेली रक्कम त्याच्या खात्यात जाते, ही अट मुफ्तींनी ठळक अक्षरांत घालायला लावली. अर्ज एक पानाचा, मराठी आणि उर्दू अशा दोन्ही भाषांत.

पात्रता ठरवताना पंथभेद आडवा आला. हनफी मताप्रमाणे मूलभूत गरजा आणि कर्ज वजा जाता निसाबाएवढी मालमत्ता नसलेला माणूस पात्र. शाफई मताप्रमाणे ज्याची कमाई गरजेला पुरत नाही तो पात्र. त्यामुळे अर्जात दोन वेगळे तक्ते केले: एक मालमत्तेचा (सोने, चांदी, रोकड, विक्रीचा माल, वजा कर्ज) आणि एक महिन्याच्या मिळकत-खर्चाचा. दोन्ही निकषांत बसेल त्यालाच जकातीतून मदत. एकाच निकषात बसणाऱ्याला लिल्लाह निधीतून. सय्यद, म्हणजे पैगंबरांच्या वंशातल्या मानल्या जाणाऱ्या, कुटुंबांना जकात चालत नाही आणि जकात मुस्लिमांनाच द्यायची असते. सत्तरीच्या शाळेत शेजारच्या वाड्यावरची काही हिंदू मुलेही येत. या दोन्ही गटांतल्या गरजूंची मदतही लिल्लाहमधूनच केली.

त्या निमित्ताने आणखी एक दुरुस्ती झाली. राज्यघटनेच्या कलम २८(३) प्रमाणे मान्यताप्राप्त शाळेत पालकाच्या संमतीशिवाय मुलाला धार्मिक शिक्षणाच्या तासाला बसवता येत नाही. संमती आजवर तोंडी होती. आता प्रवेश अर्जातच लेखी संमती घेतली, दीनियातचा तास शेवटी नेला आणि न बसणाऱ्यांसाठी त्या वेळेत मराठी वाचनाचा तास ठेवला. तीन मुस्लिम घरांतल्या मुलांनीही तो तास घेतला, कारण ती संध्याकाळी दुसऱ्या मकतबात जात होती.

दुसरा निर्णय: फोंड्याचे काय

खऱ्या खर्चाची फी तीनही शाळांना झेपणार नव्हती. फोंड्याच्या जागेचे भाडे महिना १०,०००. वरच्या मजल्याला एकच जिना, त्यामुळे अग्निशमन दलाचा ना हरकत दाखला अडलेला, आणि त्यामुळे तिसरी-चौथीची मान्यता लटकलेली. मान्यता नसलेल्या वर्गातून निघालेल्या मुलाला पाचवीत अनुदानित हायस्कुलात प्रवेश घेताना दाखल्यापासून अडचणी येतात. फोंड्यातल्या पालकांची खरी धास्ती हीच होती. दुसरा जिना बांधायला घरमालक तयार नव्हता.

इथे मौलानांचा पर्याय परत आला. फोंड्याची शाळा बंद करून जमातीच्या सभागृहात दुपारी अडीच ते साडेपाच मकतब आणि अभ्यासवर्ग सुरू करायचे ठरले. १२० मुलांपैकी ६४ जवळच्या सरकारी मराठी शाळांत गेली, ३९ दुसऱ्या इंग्रजी शाळांत, १७ स्थलांतर आणि इतर कारणांनी गेली.

माध्यम बदलणे सोपे गेले नाही. दुसरी-तिसरीतल्या मुलांना मराठी बोलता येत होते, पण वाचनात जोडाक्षरे अडत. उन्हाळ्यात सहा आठवडे रोज दोन तास मराठी वाचनवर्ग घेतला. सगळ्यांत जास्त वेळ गणितातल्या शाब्दिक उदाहरणांवर गेला: बेरीज येत होती, पण ‘एकूण’, ‘उरले’, ‘प्रत्येकी’ हे शब्द येत नव्हते. हा वर्ग नसता तर पहिल्या चाचणीतच ही मुले मागे पडली असती. एका सरकारी शाळेचा पट या मुलांमुळे १४ वरून ३७ झाला, आणि तिथल्या शिक्षिका स्वतःहून मकतबात येऊन कुठल्या मुलाला काय येत नाही ते सांगू लागल्या. असे घडेल हे कुणी ठरवले नव्हते. दुपारच्या पाव-भाजीने आणि मोफत पुस्तकांनी घरांचा खर्चही कमी झाला.

अंमलबजावणी

दोन शाळांसाठी नवे अंदाजपत्रक ३०.८० लाखांचे झाले. १२ वर्गशिक्षिका सरासरी १२,०००, दीनियातचे ३ जण ८,५००, इतर ३ जण ९,०००, त्यावर भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटीची तरतूद, भाडे आणि इतर खर्च. मुले ३०० धरली. मुलामागे १०,२६७ रुपये, म्हणून फी महिना ८६० ठरली. फोंड्याच्या मकतबाचा २.७२ लाखांचा खर्च वेगळा ठेवला.

पावतीपुस्तके तीन केली: फी, जकात, लिल्लाह. जकातीचे बँक खाते वेगळे केले. फीची पावती प्रत्येक मुलाला ८६० चीच. मदत कुणाला आहे हे कारकून, मुख्याध्यापिका आणि एक विश्वस्त या तिघांपलीकडे कुणाला कळत नाही, वर्गशिक्षिकेलाही नाही. निनावी देणगीची जुनी सवय मोडावी लागली. जकात गुप्तपणे द्यावी ही भावना योग्य आहे, पण १९६१ च्या आयकर कायद्याच्या कलम ११५बबक प्रमाणे धर्मादाय संस्थेला मिळालेल्या निनावी देणग्या एक लाख किंवा एकूण देणग्यांच्या पाच टक्के, यांतल्या मोठ्या रकमेपलीकडे गेल्या तर त्या जास्तीच्या रकमेवर ३० टक्के कर बसे. नाव-पत्ता नोंदवायचा, जाहीर करायचा नाही, असा मार्ग काढला. गणवेश आणि वह्या मुलाच्या मालकीच्या होतात, म्हणून पात्र मुलांना त्या जकातीतून देता आल्या. फित्रा, म्हणजे रमजान ईदचे दान, मात्र ईदच्या नमाजाआधी गरिबाच्या हातात पडायला हवा, म्हणून तो फीत धरलाच नाही.

शिक्षिकांच्या बाबतीत गोष्ट नीट सांगितली गेली नाही. पगार ९,५०० वरून १२,००० झाला असे जाहीर झाले. पहिल्या महिन्यात भविष्यनिर्वाह निधीचा १२ टक्के वाटा कापून हातात १०,५६० आले. अडीच हजारांची वाढ ऐकलेल्या बाईला हजार-अकराशेच जास्त मिळाले, आणि कुजबुज सुरू झाली. तीन महिन्यांनी प्रत्येकीला मोबाईलवर स्वतःचे पासबुक उघडून दाखवले, तेव्हा दोन्ही वाटे जमा होताना दिसले. हे पगारवाढीच्या आधी करायला हवे होते. मागील वर्षांच्या निधीची थकबाकी, व्याज आणि दंड वेगळे भरावे लागले. ते वरच्या हिशेबात धरलेले नाहीत.

काय झाले

जूनमध्ये ३०० ऐवजी २७१ मुले आली. १२१ पूर्ण फी देणारी, ८६ अर्धी मदत घेणारी, ६४ पूर्ण मदत घेणारी. मदतीची एकूण गरज ११.०४ लाख. त्यातले सुमारे ९८ हजार लिल्लाहमधून आणि १०.०६ लाख जकातीतून. रमजानमध्ये जकात १०.४ लाख जमली, म्हणजे आधीपेक्षा जास्त. पैसा कुठे जातो हे आता एका वाक्यात सांगता येत होते. ज्याने तो प्रश्न विचारला होता त्या देणगीदाराने रक्कम वाढवली.

पालकांच्या वाट्याच्या १६.९३ लाखांपैकी ९२ टक्के वसूल झाले. आधीच्या ७४ टक्क्यांशी तुलना केली की फरक कळतो. ज्यांना जमत नव्हते त्यांना मदत होती, त्यामुळे उरलेल्यांकडे फी मागताना कारकुनाला संकोच उरला नाही. वर्षाच्या मध्यात फक्त एक शिक्षिका सोडून गेली, तीही लग्न होऊन बेळगावला.

तूट मात्र राहिली. शाळांची ४.१८ लाख आणि मकतबाचे २.७२ लाख, एकूण ६.९० लाख. लिल्लाहमधून ३.९ लाख भागले. उरलेले ३ लाख दोन विश्वस्तांनी कर्ज-ए-हसना म्हणून, बिनव्याजी, दिले. दुसऱ्या वर्षी फी ९००, मुले २८८ आणि तूट ७० हजारांवर आली. कर्ज अजून फिटलेले नाही.

वेगळे काय करता आले असते

फी ३०० मुलांवर ठरवणे ही मोठी चूक. फी वाढवताना पट घटतो हे गृहीत धरायला हवे होते. २७० मुलांवर हिशेब केला असता तर फी ९५० निघाली असती. ती जास्त वाटली असती आणि आणखी काही जण गेले असते, हे खरे. म्हणूनच अशा वर्षी फी वाढवण्याआधी पहिल्या वर्षाच्या तुटीचा निधी हातात हवा. तो नंतर उभा करणे कठीण असते.

अर्जाचे शीर्षक ‘जकात मदत अर्ज’ असे होते. अकरा पात्र कुटुंबांनी तो घेतलाच नाही. त्यातली पाच शाळा सोडून गेली. जकातीत नीयत देणाऱ्याची लागते, घेणाऱ्याला ती जकात आहे असे सांगणे आवश्यक नाही, हे मुफ्तींना आधी विचारले असते तर मुले गेली नसती. दुसऱ्या वर्षी शीर्षक ‘शिक्षण मदत अर्ज’ झाले, आणि अर्ज समजावून सांगायला घरी जाणारी व्यक्ती बाई असेल असे ठरले. दोन कुटुंबे परत आली.

फोंड्याची घोषणा एप्रिलमध्ये झाली. सरकारी शाळांशी बोलणे फेब्रुवारीत सुरू व्हायला हवे होते. मौलानांचा पर्याय पहिल्या बैठकीत नीट ऐकला असता तर ते जमले असते.

एक अडचण अजून सुटलेली नाही. संस्था देणगीदाराची वकील, म्हणजे प्रतिनिधी, म्हणून जकात ठेवते, आणि ती हक्कदाराला पोचेपर्यंत देणाऱ्याची जबाबदारी संपत नाही. त्यामुळे रक्कम वर्षभर खात्यात ठेवणे योग्य नाही. रमजान दरवर्षी १० ते ११ दिवस मागे सरकतो, शाळा मात्र जूनलाच सुरू होते. मार्चमध्ये रमजान असताना जकात जमणे आणि प्रवेश यांत तीन महिन्यांचे अंतर होते, ते वाढतच जाणार आहे. २०३० मध्ये तर जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात, असे दोन रमजान सुरू होतील. त्यावर उपाय म्हणून वकालतनाम्याची मुदत शैक्षणिक सत्राऐवजी रमजानपासून मोजायची आणि पुढच्या वर्षाची फी आगाऊ वळती करायची, असा प्रस्ताव आहे. मात्र तसे केले तर मध्येच शाळा सोडणाऱ्या मुलाची आगाऊ फी त्याच्या पालकाला परत द्यावी लागेल. त्यासाठी किती रक्कम हाताशी ठेवायची, यावर विश्वस्त सध्या मागील दोन वर्षांची गळती मोजत आहेत.